आजार कळला म्हणून कोड लावायचा का?

पत्र:

ताई, नमस्कार. मी बीएचएमएस. लग्नानंतर पुण्यात आले, प्रॅक्टिस काही जमली नाही, म्हणून मेडिकल कोडिंगकडे (डॉक्टरांची नोट वाचून प्रत्येक आजाराला ठरलेला कोड लावायचा, त्यावर विम्याचं बिल जातं) वळले. सीपीसी ही कोडरची परीक्षा पास झाले. सध्या आमच्या टीमकडे अमेरिकेतल्या एका हॉस्पिटल ग्रुपचं ऱ्हुमॅटॉलॉजीचं काम आहे. गेल्या ऑडिटमध्ये माझ्या तीन चार्टना एरर लागली. तिन्ही एकाच जातीच्या: कनेक्टिव्ह टिश्यूचा ऑटोइम्यून आजार (ल्यूपससारखा) आणि सोबत व्हॅस्क्युलायटिस, म्हणजे रक्तवाहिन्यांचा दाह. क्वालिटी ९५ टक्क्यांच्या खाली गेली, त्या महिन्याचा इन्सेंटिव्ह गेला. राग एररचा नाही. ऑडिटर बी.कॉम. आहे, त्याने जन्मात पर्प्युरा (कातडीवरचे जांभळे डाग) बघितलेला नाही आणि तो मला ल्यूपस शिकवतो. टीएल (टीम लीड) म्हणतात, रिबटल (एररवर लेखी हरकत) टाकू नकोस, वाद वाढतो.

दुसरं घरचं. सांगलीच्या मावशीला ल्यूपस नेफ्रायटिस (ल्यूपसमुळे किडनीचा दाह) आहे. टीपीएने (विमा कंपनीसाठी क्लेम तपासणारी संस्था) क्लेम नाकारला, कारण लिहिलंय ‘आजार पॉलिसीच्या आधीपासूनचा’. डिस्चार्ज कार्डवर ल्यूपसचा कोड एम३२.९ आहे. तो काढून नुसता किडनीचा कोड टाकून घेतला तर चालेल का? हॉस्पिटलमध्ये ओळख आहे.

उत्तर:

आधी एक गोष्ट, रागावू नका. तुम्ही तिन्ही नोटांमधली वाक्यं जशीच्या तशी उतरवून पाठवलीत. नाव-तारीख काही नव्हतं, तरी पुन्हा असं करू नका. हिपाचं (पेशंटच्या माहितीच्या गुप्ततेचा अमेरिकन कायदा) ट्रेनिंग आपण सगळे दर वर्षी ‘नेक्स्ट, नेक्स्ट’ करत उरकतो, पण पेशंटच्या नोटमधला मजकूर कामाच्या सिस्टिमबाहेर नेल्याने नोकरी जाऊ शकते. त्यापुढे तीन एरर म्हणजे काहीच नाही. इथे मी त्या नोटांचा फक्त सांगाडा ठेवलाय, तपशील बदललेत.

आता निकाल सांगून टाकते. दोन चार्टमध्ये ऑडिटर बरोबर आहे, तिसऱ्यात तुम्ही. तिसऱ्याचं रिबटल जरूर टाका. पण पहिल्या दोनांत नेमकं काय चुकलं हे समजून न घेता टाकलंत, तर त्यातही हाच सूर लागेल की मी डॉक्टर आहे, मला कळतं. आणि त्या सुराने आजवर कुठलंही रिबटल मंजूर झालेलं नाही.

पहिला चार्ट ओपीडीचा. असेसमेंटमध्ये डॉक्टरांनी दोन वेगळ्या ओळी लिहिल्यात. पहिलीत एसएलई, म्हणजे सिस्टेमिक ल्यूपस, दुसरीत दोन्ही पायांवर त्वचेचा व्हॅस्क्युलायटिस. तुम्ही एम३२.१९ लावलात, म्हणजे इतर अवयव किंवा संस्था बाधित असलेला एसएलई, आणि जोडीला एल९५.९, त्वचेपुरत्या व्हॅस्क्युलायटिसचा. ऑडिटरने एल९५.९ ठेवला आणि एम३२.१९ चा एम३२.९ (तपशील न सांगितलेला एसएलई) केला. तुमचं म्हणणं असं की ल्यूपसच्या पेशंटच्या पायावर व्हॅस्क्युलायटिस उठला, तर तो ल्यूपसचाच असणार, यात विचारायचं काय?

विचारायचं आहे, आणि ते तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. त्वचेवरचा व्हॅस्क्युलायटिस एखाद्या अँटिबायोटिकनेही उठतो, इन्फेक्शननंतर येतो, हेपटायटिस सी असलेल्यांत क्रायोग्लोब्युलिनमुळे येतो, आणि कित्येकदा कारण सापडतच नाही. ल्यूपसच्या पेशंटला यातलं काहीही होऊ शकतं. नोटमध्ये डॉक्टरांनी दोन्ही गोष्टी एका वाक्यात आणलेल्या नाहीत, ‘ड्यू टू’ लिहिलेलं नाही, ‘ल्यूपस व्हॅस्क्युलायटिस’ असंही म्हटलेलं नाही. तो सांधा तुम्ही जोडलात.

तुम्ही म्हणाल, ‘विथ’चा नियम आहे की! आहे. आयसीडी-१०-सीएमच्या (आजारांच्या कोडांची अमेरिकन आवृत्ती) गाइडलाइन्समध्ये सेक्शन १.ए.१५. इंडेक्समध्ये ‘विथ’खाली दोन आजार जोडलेले असतील, तर डॉक्टरांनी तसं लिहिलेलं नसलं तरी त्यांचा संबंध गृहीत धरायचा; डॉक्टरांनी संबंध नाही असं स्पष्ट लिहिलं असेल तरच सोडायचं. पण इंडेक्स उघडा आणि सिस्टेमिक ल्यूपसच्या ‘विथ’खाली कोण कोण आहे ते बघा. एंडोकार्डायटिस आहे, पेरिकार्डायटिस आहे, फुप्फुस आहे, किडनी दोनदा आहे, एकदा ग्लोमेरुलर आणि एकदा ट्युब्युलो-इंटरस्टिशियल. व्हॅस्क्युलायटिस कुठेच नाही. तो पडतो शेवटच्या ‘एनईसी’च्या (इतरत्र न बसणाऱ्यांच्या) खणात, जिथे नाव न घेतलेले बाकीचे सगळे कोंबलेले आहेत. आणि त्या खणाला ‘विथ’चं गृहीतक लागू होत नाही, हे कोडिंग क्लिनिकने (कोडिंगच्या शंकांना अधिकृत उत्तरं देणारं नियतकालिक) स्पष्ट केलेलं आहे. म्हणजे याच बाईच्या चार्टमध्ये दोन वेगळ्या ओळींत एसएलई आणि ग्लोमेरुलोनेफ्रायटिस असतं, तर एम३२.१४ तुम्ही बिनधास्त लावू शकला असता. व्हॅस्क्युलायटिसला ती सवलत नाही. एसएलई नुसता उरतो एम३२.९.

इथे जरा थांबते, कारण या विषयावरचे नव्वद टक्के गोंधळ याच ठिकाणी होतात असं मला वाटतं. (टक्केवारी माझी, कुठल्या अहवालातली नाही.) आपण वैद्यकाच्या अंगाने विचार करतो की व्हॅस्क्युलायटिस हा एक आजार आहे, कुठल्याही कनेक्टिव्ह टिश्यू आजाराच्या जोडीने येतो, तेव्हा कोडही एका साच्यातले असतील. तसे ते नाहीत. पुस्तक अनेकांनी वेगवेगळ्या काळात वाढवलंय आणि त्याच्या खुणा जागोजागी दिसतात.

ऱ्हुमॅटॉइड आर्थ्रायटिस घ्या. त्याच्या व्हॅस्क्युलायटिसला स्वतःचं घर आहे, एम०५.२. शिवाय इंडेक्समध्ये तो ‘विथ’खाली नावानिशी आहे, म्हणजे इथे गृहीतक चालतं. पुढचे दोन आकडे सांध्याची जागा सांगतात: उजवा घोटा-पाऊल एम०५.२७१, डावा एम०५.२७२, अनेक ठिकाणी असेल तर एम०५.२९. व्हॅस्क्युलायटिस कातडीवर असला तरी आकडे सांध्याचेच, हे विचित्र वाटतं, पण तसंच आहे. आणि हा कोड लावलात की एल९५ शेजारी ठेवायचा नाही. एल९५ खाली ऱ्हुमॅटॉइड व्हॅस्क्युलायटिस एक्सक्लूड्स वनमध्ये आहे, म्हणजे दोन्ही एकत्र लावता येत नाहीत.

शोग्रेनला अनेक वर्षं काही नव्हतं. व्हॅस्क्युलायटिस आला की तो ‘इतर अवयव’ म्हणून एम३५.०९ मध्ये जायचा. १ ऑक्टोबर २०२१ पासून त्याला एम३५.०बी मिळाला, त्याच वेळी ग्लोमेरुलरला एम३५.०ए आणि दातांच्या त्रासालाही वेगळा कोड मिळाला. तुमच्या टीममध्ये कुणी जुनी चीटशीट वापरत असेल तर ती आजच टाकून द्या.

ल्यूपसला अजून वेगळा कोड नाही. मिक्स्ड कनेक्टिव्ह टिश्यू डिसीज एम३५.१ मध्ये, त्याच्या व्हॅस्क्युलायटिसलाही स्वतंत्र आकडा नाही. अनडिफरन्शिएटेड असेल तर एम३५.९.

आणि एम३०, एम३१ ही वेगळीच वस्ती. पॉलिआर्टरायटिस नोडोसा, कावासाकी, ताकायासू, जायंट सेल, वेगेनर (आता ग्रॅन्युलोमॅटोसिस विथ पॉलिअँजायटिस म्हणतात, एम३१.३ च्या घरात), मायक्रोस्कोपिक पॉलिअँजायटिस एम३१.७. यांच्यात रक्तवाहिन्यांचा दाह हाच मूळ आजार असतो. एन्कोडरमध्ये (कोड शोधायचं सॉफ्टवेअर) ‘व्हॅस्क्युलायटिस’ आणि ‘एएनसीए’ (यातल्या काही आजारांत रक्तात सापडणारी अँटिबॉडी) टाईप करून जो पहिला एम३१ वर येईल तो उचलणं ही नवीन मुलांची हमखास चूक. तिचं काय होतं ते सांगते. रिटक्झिमॅब हे महागडं औषध अमेरिकेत २०११ पासून ग्रॅन्युलोमॅटोसिस विथ पॉलिअँजायटिस आणि मायक्रोस्कोपिक पॉलिअँजायटिसला मान्य आहे, ऱ्हुमॅटॉइडला त्याआधीपासून. ल्यूपससाठी त्याला तिथे मान्यता नाही. डॉक्टर ते देतात, पण लेबलबाहेर, आणि इन्शुरन्सकडून वेगळी मंजुरी मागून. आता ल्यूपसच्या पेशंटला तुम्ही चुकून एम३१.३० लावलात. क्लेम सुरळीत पास होईल! कुणी काही विचारणार नाही. बिल मेडिकेअरचं (अमेरिकेचा सरकारी विमा) असेल, तर दोन वर्षांनी कुणीतरी नोट आणि कोड शेजारी ठेवील आणि मग तो विषय क्वालिटी स्कोअरचा राहणार नाही. शिवाय पेशंटच्या रेकॉर्डवर एक न झालेला आजार चिकटलेला असतो तो वेगळाच.

रेनोलाही काही जण व्हॅस्क्युलायटिस समजतात. थंडीत बोटं पांढरी-निळी पडतात ते रक्तवाहिन्यांचं आकसणं आहे, दाह नव्हे, आय७३.०० किंवा गँगरीन असेल तर आय७३.०१. तुम्ही ही चूक करणार नाही, पण टीममध्ये बघा.

दुसऱ्या चार्टवर जास्त वेळ घालवायची गरज नाही. ओपीडी, पहिलीच भेट. सांधे दुखतात, पायावर जांभळे ठिपके, एएनए (ऑटोइम्यून आजारांसाठीची रक्तचाचणी) पॉझिटिव्ह. डॉक्टरांनी लिहिलं: सीटीडीची (कनेक्टिव्ह टिश्यू आजाराची) शंका, व्हॅस्क्युलायटिस रूल आऊट करायचाय, बायॉप्सी सांगितली. तुम्ही एम३५.९ आणि आय७७.६ (तपशील न सांगितलेला रक्तवाहिन्यांचा दाह) लावलेत. ओपीडीत ‘प्रोबेबल’, ‘सस्पेक्टेड’, ‘रूल आऊट’ यांतलं काहीही कोड करायचं नसतं, सेक्शन ४.एच. जे खात्रीचं आहे ते घ्यायचं: सांधेदुखी एम२५.५ मध्ये, ठिपक्यांना डॉक्टरांनी पेटेकिया म्हटलं असेल तर आर२३.३, पर्प्युरा म्हटलं असेल तर डी६९.२, आणि एएनएची डॉक्टरांनी असेसमेंटमध्ये दखल घेतली असेल तर आर७६ मधला कोड. एएनए धडधाकट माणसांतही पॉझिटिव्ह येतो, हे तुम्ही बीएचएमएसला शिकलात. औषधांच्या यादीत हायड्रॉक्सिक्लोरोक्विन होतं असंही तुम्ही लिहिलंय. ते ऱ्हुमॅटॉइडलाही देतात, मलेरियालाही. औषधावरून आजार ओळखणं हा ओपीडीत बसलेल्या डॉक्टरचा खेळ, आपला नाही.

या बाईला तीन आठवड्यांनी कळलं की सगळं व्हायरल होतं, तर तुमचा एम३५.९ तरीही तिच्या क्लेमच्या इतिहासात राहणार. पुढे ती लाइफ इन्शुरन्स काढायला गेली की तो वर येणार.

तिसरा चार्ट आता. हा इनपेशंट. आठवडाभर अ‍ॅडमिट, डिस्चार्ज समरीत शेवटचं निदान ‘प्रोबेबल ल्यूपस व्हॅस्क्युलायटिस’, स्टिरॉइड शिरेतून दिली, घरी प्रेडनिसोन चालू. तुम्ही एम३२.१९ आणि आय७७.६ लावलेत. ऑडिटरने आय७७.६ काढला, शेरा मारला ‘ऑलरेडी इन्क्लुडेड’.

इथे तुम्ही बरोबर आहात. इनपेशंटमध्ये डिस्चार्जच्या वेळी ‘प्रोबेबल’ म्हणून राहिलेलं निदान झालेलंच आहे असं धरून कोड करायचं, सेक्शन २.एच. ओपीडीच्या नेमकं उलट. तुम्ही दोन्ही ठिकाणी एकच वागलात म्हणून एकीकडे चुकलात. संबंध डॉक्टरांनी स्वतः जोडलाय, ‘ल्यूपस व्हॅस्क्युलायटिस’ म्हणून. त्यामुळे एम३२.१९ पक्का. पण एम३२.१९ नुसतं ‘इतर अवयव’ म्हणतो, कुठला ते सांगत नाही. कॉम्बिनेशन कोडमध्ये पुरेसा तपशील नसेल तर दुसरा कोड जोडावा, हे सेक्शन १.बी.९ मध्ये लिहिलेलं आहे. आणि आय७७ च्या मथळ्याखाली एम३० ते एम३६ हे एक्सक्लूड्स टूमध्ये आहेत, वनमध्ये नाहीत. म्हणजे दोन्ही असतील तर दोन्ही लावता येतात. तुमच्या ऑडिटरने बहुधा ते वन म्हणून वाचलं किंवा वाचलंच नाही.

रिबटल असं लिहा, इतकंच: ‘डिस्चार्ज समरीतील अंतिम निदान प्रोबेबल ल्यूपस व्हॅस्क्युलायटिस. सेक्शन २.एच प्रमाणे प्रस्थापित धरले. एम३२.१९ मध्ये व्हॅस्क्युलायटिसचा उल्लेख नाही, म्हणून सेक्शन १.बी.९ प्रमाणे आय७७.६ दुय्यम. आय७७ खाली एम३०-एम३६ एक्सक्लूड्स टू. एरर मागे घ्यावी ही विनंती.’ इंग्रजीत टाका अर्थातच. यात तुमची डिग्री नाही, त्याची डिग्री नाही, ‘क्लिनिकली’ हा शब्दही नाही. त्याच मेलमध्ये पहिल्या दोन एरर मान्य आहेत असंही एका ओळीत लिहा. तीनपैकी दोन मान्य करणाऱ्या माणसाचं तिसरं कुणीही नीट वाचतं. टीएलना आधी दाखवा, त्यांच्या डोक्यावरून उडी मारू नका. त्या घाबरतात कारण त्यांच्याकडे दर आठवड्याला रागाची रिबटल येतात. अशी आली तर त्यांनाही पुढे पाठवायला सोपं.

बाय द वे, त्या चार्टमध्ये झेड७९.५२ राहिला, दीर्घकाळ स्टिरॉइडचा. पेशंट आधीपासून प्रेडनिसोनवर असेल आणि नोटमध्ये तसं असेल तर तो हवा. मायकोफेनोलेट, अ‍ॅझाथायोप्रिन चालू असेल तर झेड७९.६ खाली बघा. ऑडिटरलाही ते सुचलं नाही, म्हणजे माणसं सगळीकडे सारखीच!

आता तुमचं वैद्यकीय ज्ञान. ते फुकट नाही, फक्त तुम्ही चुकीच्या जागी खर्च करताय. बी.कॉम.चा माणूस पहिल्या चार्टमध्ये दोन ओळी बघतो, दोन कोड लावतो, पुढे जातो. तुम्हाला तिथे खटकतं की यांचा संबंध असणार. त्या खटकण्याचा कोड करायचा नाही, क्वेरी करायची, म्हणजे डॉक्टरांना लेखी विचारायचं. तुमच्या अकाउंटमध्ये क्वेरी पाठवायची सोय असेलच. अहिमा आणि एसीडिस या क्षेत्रातल्या दोन अमेरिकन संस्थांनी मिळून क्वेरी कशी असावी याचं मार्गदर्शन काढलंय, २०२२ मध्ये सुधारलं, ते मिळवून वाचा. गाभा एवढा की उत्तर डॉक्टरांच्या तोंडात घालायचं नाही आणि पैशाचा विषय काढायचा नाही.

पहिल्या चार्टसाठी मी अशी लिहिली असती: ‘आपल्या नोंदीत एसएलई आणि दोन्ही पायांवर त्वचेचा व्हॅस्क्युलायटिस अशी दोन निदानं आहेत. तपासणीत पायांवर पर्प्युरा, रक्तात सी३ कमी, प्रेडनिसोनचा डोस वाढवल्याची नोंद. व्हॅस्क्युलायटिसचं कारण आपल्या मते: एसएलईमुळे / औषधामुळे / इन्फेक्शनमुळे / अन्य, कृपया लिहावे / सध्या सांगता येत नाही.’ यातली सी३ ची (ल्यूपस भडकला की रक्तात घटणारं प्रथिन) ओळ बघा. ती निवडायला ल्यूपस कळावा लागतो. तुमच्या ऑडिटरला ती सुचली नसती. ‘हा ल्यूपस व्हॅस्क्युलायटिसच ना?’ असं विचारलंत तर ती लीडिंग क्वेरी झाली, आणि डॉक्टरांनी ‘यस’ म्हटलं तरी ते उत्तर ऑडिटमध्ये टिकणार नाही.

आणि खरं सांगू का, तुम्ही कोडिंगमध्ये फार काळ रमाल असं वाटत नाही. सीडीआयकडे बघा, क्लिनिकल डॉक्युमेंटेशनचं काम. तिथे नोट वाचून कुठे काय अपुरं आहे हे हुडकणं आणि डॉक्टरांना विचारणं हेच काम असतं, आणि तिथे डॉक्टर, नर्स यांनाच मागणी असते. पुण्यात, मुंबईत, हैदराबादला, चेन्नईत या जागा निघतात. तोपर्यंत ऑडिटरच्या बी.कॉम.चा विषय डोक्यातून काढा. एक्सक्लूड्स नोट वाचायला एमडी लागत नाही, चिकाटी लागते, आणि ती त्याच्याकडे तीनपैकी दोनदा तुमच्यापेक्षा जास्त होती.

आता मावशी.

पहिलं म्हणजे ओळख वापरून कोड बदलून घ्यायचा विचार सोडून द्या. नैतिकतेचा भाग बाजूला ठेवला तरी तो चालणारच नाही. आपल्याकडची हॉस्पिटलं डब्ल्यूएचओची आयसीडी-१० वापरतात, तुमची सीएम नव्हे. तिच्यात एम३२.१४ नाहीच. ल्यूपस नेफ्रायटिस तिथे दोन कोडांनी लिहितात: आधी एम३२.१, खंजिराची खूण असलेला, आणि मग एन०८.५, तारा असलेला. तारेचा कोड एकटा किंवा पहिला कधीच लावायचा नसतो. म्हणजे तुम्हाला हवा तसा ‘नुसता किडनीचा’ कोड नियमात बसतच नाही. कार्डवरचा एम३२.९ मात्र अपुरा आहे, आणि तो एमआरडीकडून (हॉस्पिटलचा रेकॉर्ड विभाग) एम३२.१ सह एन०८.५ असा दुरुस्त करून मागायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. त्याने क्लेम सुटणार नाही, पण कागद खरा होईल.

क्लेम अडकलाय तो कोडमुळे नाहीच. तुम्ही पाठवलेल्या कार्डच्या फोटोत मधली ओळ बघा: ‘के/सी/ओ एसएलई, ४ वर्षं’, म्हणजे ४ वर्षांपासून माहीत असलेला ल्यूपस. मावशींची पॉलिसी अडीच वर्षांची, आणि ल्यूपसचं निदान तुमच्याच म्हणण्याप्रमाणे दीड वर्षापूर्वीचं. मग चार वर्षं आली कुठून? अ‍ॅडमिट करताना रात्रपाळीच्या डॉक्टरने विचारलं असणार, ‘मावशी, किती दिवसांपासून त्रास?’ आणि त्या म्हणाल्या असणार, ‘हात-पाय दुखतात बाळा, चारेक वर्षं झाली.’ त्याने दोन्ही एका ओळीत बसवलं. टीपीएच्या माणसाने पॉलिसीची तारीख काढली, वजाबाकी केली, नाकारलं. त्याने वेगळं काही करायचं कारणच नव्हतं.

विमा नियामकाच्या सध्याच्या व्याख्येत ‘आधीपासूनचा आजार’ म्हणजे पॉलिसी सुरू होण्याआधीच्या ३६ महिन्यांत डॉक्टरने निदान केलेला, किंवा ज्यासाठी उपचार सांगितले वा घेतले असा. आणि अशा आजारासाठीची प्रतीक्षा १ एप्रिल २०२४ पासून जास्तीत जास्त ३६ महिने ठेवता येते. नुसतं दुखत होतं, कुणाला दाखवलं नव्हतं, तर ते या व्याख्येत सहज बसत नाही. पण त्या चार वर्षांत मावशी एखाद्या हाडांच्या डॉक्टरकडे जाऊन आल्या असतील, गोळ्या घेतल्या असतील, तर ते आत्ताच मला नाही, स्वतःला खरं सांगा. लपवलेली चिठ्ठी पुढे निघाली तर मग काहीच शिल्लक राहत नाही. आर्थ्रायटिसच्या गोळ्या घेतल्या होत्या असं निघालं तर तो ल्यूपसच होता की वयाची गुडघेदुखी, हे त्यांच्या संधिवाततज्ज्ञांनी लिहून द्यायला हवं, तुम्ही नाही.

करायचं काय, तर ज्या संधिवाततज्ज्ञांनी ल्यूपसचं निदान केलं त्यांच्याकडून लेटरहेडवर पत्र घ्या: पहिल्यांदा कधी तपासलं, निदान कुठल्या तारखेला, कुठल्या रिपोर्टवर (एएनए, डीएसडीएनए, किडनी बायॉप्सी, जे असेल ते तारखेसह), त्याआधी ल्यूपसचं निदान किंवा उपचार झालेले नाहीत. पहिल्या भेटीचा केसपेपर जोडा. मग हॉस्पिटलच्या एमआरडीला अर्ज द्या की अ‍ॅडमिशन नोंदीत कालावधी चुकीचा आहे, संबंधित डॉक्टरांनी तारीख-सहीनिशी खुलासा जोडावा. मूळ ओळ खोडायची नाही, व्हाइटनर तर नाहीच. खोडलेला कागद बघितला की टीपीएचा माणूस बाकीचं वाचतच नाही. आणि क्लेम फॉर्मचा भाग बी, जो हॉस्पिटल भरतं आणि ज्यात आयसीडी कोडचा रकाना असतो, त्याची प्रतही बघायला मागा. तिथे कार्डपेक्षा वेगळं काही लिहिलं असेल तर तेही याच अर्जात घाला.

हे सगळं इन्शुरन्स कंपनीच्या तक्रार विभागाला पाठवा, टीपीएला नाही. नाकारायचा अंतिम निर्णय कंपनीचा असतो. महिन्याभरात उत्तर आलं नाही किंवा पुन्हा नकार आला, तर विमा लोकपालाकडे जाता येतं. ५० लाखांपर्यंतच्या दाव्याला चालतं, वकील लागत नाही, फी नाही, पण नकार मिळाल्यापासून वर्षाच्या आत जायला हवं. महाराष्ट्रात मुंबई, पुणे अशा ठिकाणी कार्यालयं आहेत. सांगलीची तक्रार कुठे घ्यायची ते त्यांना आधी विचारून घ्या. मावशींची सही अर्जावर त्यांच्या हातची असू द्या, आणि कंपनीला जे पाठवाल त्याची पोच मिळाल्याशिवाय पुढचं पाऊल टाकू नका.